फुटलेला तारा: माझ्या कल्पित विश्वात निरंजनीची जागा कोणती?

उत्तररात्र

बऱ्याच काळापासून एक विश्व रचतोय. त्याची कादंबरी होईल की नुसते नकाशेच साठत जातील, देव जाणे. एका ठिकाणी गाडं अडलंय म्हणून हा धागा.

विश्वात बऱ्याच भूमी आहेत. प्रत्येकीचा सूर्य वेगळा, आकाश वेगळं. भूमींना जोडणाऱ्या जागांना तिथले लोक ‘उतार’ म्हणतात. नदीला पायी ओलांडण्याजोगा उतार असतो ना, तसंच. इकडून पाण्यात पाऊल टाकलं की दुसरं पाऊल तिकडच्या भूमीवर पडतं, वेळ अजिबात जात नाही.

सगळ्या भूमींवरून दिसणारा एक तारा होता, निरंजनी. कुणीतरी तो फोडला, त्याला आता २३१ वर्षं झाली. तेव्हापासून फूटशक मोजतात. नकाशात तीन भूमी पक्क्या आहेत: केतळ निरंजनीपासून ४ प्रकाशवर्षांवर, सोनसळ ४० आणि माळवद २३५. बाकीच्या अजून धूसर आहेत. ताऱ्याचे तुकडे चहूकडे उडाले. पोथ्यांमध्ये नाव निरंजनीच, पण खलाशी सरळ ‘चुरा’ म्हणतात. नायिका तुकडे शोधत निघते.

माझी अडचण अशी की हा तारा पडद्यावर रंगवलेल्या देखाव्यासारखा राहिलाय. तो काढून टाकला तरी गोष्ट जशीच्या तशी उभी राहते. मग तो तिथे हवा कशाला? देवता करू, शस्त्र करू, खाण करू की नुसती कालगणनेची खूण? मोकळेपणाने बोला.

दीडशहाणा

तुकडे शोधत निघते म्हणजे शेवटचा तुकडा खलनायकाच्या गळ्यात असणार आणि सगळे जुळवल्यावर आकाश उजळणार. कळलं. पुढे?

पाणकळा

दीडशहाणे, जरा दमाने घ्या. माणूस मनापासून विचारतोय.

‘उतार’ फार आवडले. वाचतेय, सवडीने लिहिते.

आर्द्रा

आधी भौतिकशास्त्र मांडते, मग ते कुठे मोडायचं ते तुम्ही ठरवा.

तारा काचेसारखा फुटत नाही, कारण तो घन नसतो. सूर्य घ्या. पृष्ठभाग साधारण ५५०० अंश सेल्सिअस, गाभा दीड कोटी अंश, आणि वरपासून खालपर्यंत सगळा तापलेला, विद्युतभारित वायू. त्याला स्वतःच्या गुरुत्वाने आवळून धरलेलं असतं. त्याचा ‘तुकडा’ बाहेर काढलात तर आवळणारं वजन संपलं, वायू क्षणात पसरला. हातात काही उरत नाही.

पूर्ण उधळायचा म्हटलं तर किंमतही जबर आहे. सूर्याला स्वतःच्या गुरुत्वाविरुद्ध विस्कटून टाकायला जी ऊर्जा लागेल ती सूर्य आजच्या दराने साधारण पाच-सहा कोटी वर्षांत बाहेर टाकतो. तुमच्या ‘कुणीतरी’ने ती कुठून आणली? मला विचाराल तर कथेत हा प्रश्न ‘कुणी फोडला’पेक्षा मोठा आहे.

निसर्गात तारे उद्ध्वस्त होण्याच्या वाटा आहेत, पण त्यातली एकही तुमच्या चित्राशी जुळत नाही.

अतिनवतारा: इ. स. १०५४ मध्ये वृषभ राशीत झालेला स्फोट चिनी निरीक्षकांनी नोंदवून ठेवलाय. तो दिवसाउजेडी २३ दिवस दिसत होता आणि रात्री जवळजवळ दोन वर्षं. आज तिथे खेकडा तेजोमेघ आहे. पण असा स्फोट केतळपासून ४ प्रकाशवर्षांवर झाला तर केतळ संपलं. वातावरणाचा ओझोन जाईल, पुढे लिहायला माणसं उरणार नाहीत.

कृष्णविवराने फाडणं: तारा फार जवळ गेला की जवळच्या बाजूवर ओढ जास्त, लांबच्या बाजूवर कमी, आणि तो ताणला जाऊन लांबलचक पट्टा होतो. खगोलशास्त्रज्ञ मार्टिन रीस यांनी १९८८ मध्ये दाखवलं होतं की साधारण निम्मा माल कृष्णविवराभोवती अडकतो आणि निम्मा निसटून जातो. यातली गंमत अशी की कृष्णविवर फार मोठं असेल, म्हणजे साधारण दहा कोटी सूर्यांहून जड, तर सूर्यासारखा तारा फाटतच नाही. आख्खाच्या आख्खा गिळला जातो. म्हणजे फाडायला राक्षस हवा, पण फार मोठा राक्षस चालत नाही. हे तुम्हाला फुकट देते.

खरोखर घन असलेला तारा हवा असेल तर श्वेत बटू, म्हणजे सूर्यासारखा तारा विझल्यावर मागे उरणारा, आवळलेला गाभा. थंड होत गेला की त्याचा गाभा स्फटिकासारखा गोठतो. गाया दुर्बिणीच्या मोजमापांतून त्याचा भक्कम पुरावा २०१९ मध्ये प्रसिद्ध झाला. पण त्या पदार्थाचा एक घन सेंटीमीटर तुकडा सुमारे एक टनाचा भरतो, आणि ताऱ्याबाहेर काढला की दाब सुटून त्याचा स्फोट होईल. नायिकेच्या झोळीत मावणार नाही.

शंकासुर

जादूच्या गोष्टीत एवढं सगळं कशाला? उतारांतून माणसं क्षणात पार होतात ते चालतं, आणि ताऱ्याचा तुकडा मात्र चालत नाही?

आर्द्रा

चालतो की! मी ‘मोडू नका’ म्हटलं नाही. कुठे मोडायचं ते ठरवा म्हटलं. उतार हा एक मोठा नियमभंग आहे आणि तो पहिल्याच पानावर उघड सांगितलाय, म्हणून वाचक तो मान्य करतो. दर प्रकरणात नवा नियमभंग आला की वाचक पुस्तक मिटतो.

शंकासुर

तुकड्यांमध्ये तेज गोठवलेलं आहे, असा एकच नियम करा. झालं.

दीडशहाणा

आणि ते तेज फक्त शुद्ध अंतःकरणाच्या माणसालाच वापरता येतं. :)

पाणकळा

सवड मिळाली.

तुम्ही सगळे तुकड्यांच्या मागे लागलात, पण तारा गेल्यावर मागे काय राहिलं ते कुणी विचारलंच नाही. मला केतळमधली माणसं दिसायला लागली आहेत. इतक्या जवळच्या ताऱ्याचा रात्री उजेड पडत असणार ना? किती, ते गणितवाले सांगतील. समजा भरपूर पडत होता. मग केतळमध्ये अंधार ही गोष्टच कुणाला ठाऊक नसेल. शेतं रात्रीही राखता येत असतील. रात्री उमलणारी फुलं, रात्री शिकार करणारी जनावरं त्या उजेडाला सरावलेली. घरांना खिडक्या मोठ्या, दिव्यांची प्रथा नाही, तेल फक्त खाण्यापुरतं.

आणि एका रात्री तो उजेड जातो.

त्या पिढीला अंधारात चालायला शिकावं लागलं असेल. अंधारासाठी त्यांच्या भाषेत शिव्याशाप तयार झाले असतील, दाराला कड्या आल्या असतील, चोर आले असतील, पहारेकरी आले असतील. २३१ वर्षांनी केतळमध्ये दिवा लावणारांची एक जात किंवा संघ असेल आणि तो राजापेक्षा बलवान असेल. त्यांना निरंजनी परत यायला नकोच असेल! तुमच्या नायिकेला खलनायक बाहेरून आणायची गरज नाही. तेलाचा हिशेब ठेवणारा एखादा सभ्य गृहस्थ पुरे.

उत्तररात्र

पाणकळाताई, हे मी चोरतोय. आधीच सांगून ठेवतो.

गणिती_कावळा

उजेडाचा हिशेब करतो.

निरंजनी सूर्यासारखी धरली तर केतळवरून ती आकाशातल्या ठळक ताऱ्यांपैकी एक, बस. रात्र उजळणार नाही. आणि सूर्यासारखा तारा नुसत्या डोळ्यांनी जेमतेम ५५ ते ६० प्रकाशवर्षांपर्यंत दिसतो. म्हणजे माळवदवरून ती दिसणारच नाही आणि ‘सगळ्या भूमींवरून दिसणारा’ हे वाक्य गेलं.

म्हणून तिला राजन्यासारखी करा. मृग नक्षत्रातला तो निळसर-पांढरा राजन्य, ज्याला रायजेल म्हणतात, सूर्याहून हजारो पटींनी तेजस्वी आहे. आपल्यापासून साडेआठशेच्या आसपास प्रकाशवर्षांवर असूनही पहिल्या दहा ताऱ्यांत मोडतो. तसा तारा २३५ प्रकाशवर्षांवर ठेवला तर माळवदला तो गुरूच्या तोडीचा दिसेल. ४० वर ठेवला तर सोनसळमध्ये शुक्राहून ठळक, दिवसाही सापडेल. आणि ४ वर ठेवला तर केतळवरून पौर्णिमेच्या चंद्राच्या जवळपास, पण सगळं तेज एकाच बिंदूत. सावल्या धारदार पडतील. पाणकळा, तुमचं शेत राखता येईल. चंद्रासारखी कला नाही, वाढ-घट नाही. फक्त वर्षातले काही महिने तो दिवसाच्या आकाशात जाईल, तेवढा काळ सोडा. म्हणजे अंधार अगदीच अपरिचित नसेल, तो ऋतूसारखा येत असेल. फूट झाल्यावर तो ऋतू संपलाच नाही.

आता खरा मुद्दा. इतका वेळ कुणी बोललं कसं नाही याचं नवल वाटतं.

प्रकाशाला वेळ लागतो, एका प्रकाशवर्षाला एक वर्ष. फूट झाली त्या क्षणी कुठल्याच भूमीवर काहीही दिसलं नाही. केतळला ती चौथ्या वर्षी दिसली. सोनसळला चाळिसाव्या. आता फूटशक २३१ चालू आहे ना? मग माळवदच्या आकाशात निरंजनी आजही अखंड आहे. अजून चार वर्षं राहील.

शंकासुर

थांबा. मग फूटशक २३१ हे माळवदच्या लोकांना कळलं कसं?

गणिती_कावळा

उतारांवरून. कुणीतरी केतळहून पाण्यात पाय टाकला आणि माळवदला येऊन सांगितलं, ‘निरंजनी फुटली.’ त्यांनी वर बघितलं, तर ती जागच्या जागी. बातमी प्रकाशाच्या पुढे धावते असं तुम्हीच पहिल्या पानावर लिहून ठेवलंय.

जुनी_वही

धागा मूकपणे वाचत होतो. इथे राहवलं नाही.

आपल्याकडे आकाशातून निखळलेल्या नक्षत्राची गोष्ट आहे. महाभारतात, वनपर्वात. रोहिणीची धाकटी बहीण अभिजित. तिला थोरलेपण हवं होतं, त्या हट्टाने ती तप करायला वनात निघून गेली आणि नक्षत्र गगनातून ढळलं. इंद्र गोंधळून स्कंदाला हे सांगतो. त्यापुढचं मला फार बोलकं वाटतं. इंद्र त्याला तिचा शोध घ्यायला सांगत नाही. तो म्हणतो, ब्रह्मदेवाबरोबर बसून काळाचा विचार कर. एक नक्षत्र गेल्याने मोजणी बिघडली, ही त्याची पहिली काळजी. आजही नक्षत्रं २७ मोजायची की अभिजित धरून २८, दोन्ही पद्धती आहेत.

तेव्हा उत्तररात्र, तुम्ही ‘नुसती कालगणनेची खूण’ असं म्हणून तो पर्याय सगळ्यात हलका ठरवलात. मला तोच सगळ्यात जड वाटतो. एका फुटण्याला तीन भूमींवर तीन तारखा आहेत: घडल्याची, कळल्याची आणि दिसल्याची. सणवार कोणत्या तारखेला धरणार? केतळचे भिक्षू ‘दिसल्या’ची मानत असतील, उतारांवरचे नावाडी ‘घडल्या’ची. यावरून मठ फुटतील. माणसं तारखांवरून जीव देतात हो.

दीडशहाणा

बरं, आता मजा यायला लागली.

माळवदला यात्रा भरत असणार. केतळहून, सोनसळहून म्हातारी माणसं उतारांवरून येत असतील, एकदा तरी अखंड निरंजनी बघायला. आजीच्या आजीने सांगितलेला तारा. माळवदचे लोक त्यावर गेली दोन शतकं जगत असतील. धर्मशाळा, वाटाडे, निरंजनी पाहिल्याचे गंडेदोरे. आणि आता चार वर्षांनी तो धंदा बसणार, हे प्रत्येकाला तारखेनिशी माहीत आहे.

तुकडे सोडा. मला ही कादंबरी वाचायची आहे.

उत्तररात्र

मी कालपासून नकाशा पुढ्यात घेऊन बसलोय आणि सगळं हलायला लागलंय. माळवद माझ्या मनात एक कोपऱ्यातली, रटाळ भूमी होती. नायिका तिथून निघते, एवढंच तिचं काम. आता वाटतं, नायिकेने तिथून निघूच नये. सगळं विश्व तिच्याकडे येतंय.

पण ‘कुणी फोडला’ हे मला सोडायचं नाही. ते या सगळ्यात कुठे बसवू?

शंकासुर

एक बाळबोध प्रश्न. माळवदला चार वर्षं थांबलं तर फोडणारा दिसेल का? म्हणजे घटना घडून गेली आहे, पण त्या भूमीवरून ती पुन्हा पहिल्यापासून बघता येणार ना?

गणिती_कावळा

बाळबोध नाही. धाग्यातला सगळ्यात चांगला प्रश्न आहे.

माणूस दिसणार नाही, गलबत दिसणार नाही. त्या अंतरावरून आख्खा ताराही बिंदूच. पण तेजाची चढ-उतार दिसेल, आणि क्रम खोटं बोलत नाही. आधी मंद होऊन मग भडकला, की एकदम भडकला? रंग कोणता झाला? किती रात्री टिकला? बिंदू एक राहिला की हळूहळू पुसट ठिपका झाला? यावरून तारा आतून कोसळला की बाहेरून ओढला गेला, एवढं तरी नक्की सांगता येईल.

आर्द्रा

आणि नुसतं मंद होण्यावरून घाई करू नका, हेही कथेत घाला. २०१९ च्या अखेरीस आणि २०२० च्या सुरुवातीला काक्षी, म्हणजे मृगातला तो तांबडा बिटलज्यूज, इतका मंदावला होता की आता फुटतो की काय अशी चर्चा जगभर झाली. निघालं काय, तर ताऱ्याने स्वतःच बाहेर टाकलेल्या वायूची धूळ झाली आणि ती आड आली. माळवदच्या लोकांना असा एक खोटा इशारा द्या. तारखेच्या वर्षभर आधी निरंजनी काळवंडते, सगळे छाती पिटतात आणि महिन्याभराने ती पुन्हा लखलखते. त्या महिन्यात कोण काय करून बसतं, त्यात निम्मी कादंबरी आहे.

शंकासुरांच्या प्रश्नाला माझं एक परिशिष्ट. प्रकाश सरळच येतो असं नाही. बाजूच्या धुळीच्या ढगावर आपटून उशिराही येतो, त्याला प्रकाशाचा प्रतिध्वनी म्हणतात. खगोलशास्त्रज्ञ टायको ब्राहे यांनी १५७२ मध्ये पाहिलेल्या अतिनवताऱ्याचा असा वळसा घालून आलेला प्रकाश २००८ मध्ये पकडला गेला. त्याचा वर्णपट काढला, म्हणजे त्यातले रंग वेगवेगळे करून तपासले, आणि तो स्फोट कोणत्या प्रकारचा होता ते सव्वाचारशेहून अधिक वर्षांनी ठरलं. म्हणजे सोनसळच्या एखाद्या काचकाम करणाऱ्या बाईला आकाशातल्या धुळीवर निरंजनीची शेवटची रात्र पुन्हा उमटलेली सापडू शकते. कुणाला नको असताना.

पाणकळा

‘कुणाला नको असताना’ हेच धरा.

केतळला चौथ्या वर्षी दिसली तेव्हा नोंद कुणी केली? दिव्यांच्या संघाने? सोनसळला चाळिसाव्या वर्षी दिसली, त्या वर्षीच तिथे युद्ध का पेटलं? वेधशाळेचं दप्तर त्यातच जळलं का? फोडणाऱ्यांना उतारांमुळे प्रत्येक भूमीची तारीख आधीपासून माहीत होती. प्रत्येक वेळी ते प्रकाशाच्या आधी पोचत आलेत. आणि आता माळवद.

दीडशहाणा

टाळ्या.

जुनी_वही

म्हणजे फोडणारा माणूस कधीच मेला असेल, पण झाकणारी संस्था जिवंत आहे. दोनशे एकतीस वर्षं एकच काम करणारी. तिच्यातल्या आजच्या कारकुनाला आपण काय झाकतोय हे तरी ठाऊक असेल का? मला वाटतं नसावं. त्याच्याकडे फक्त भूमींची आणि वर्षांची यादी असावी, वारशाने आलेली.

शंकासुर

पण मग त्यांना उपाय सोपा आहे. माळवदचा उतार बंद करा. बघणारे बघतील आणि तिथेच राहतील.

गणिती_कावळा

उतार बंद करता येतो का, हे लेखकांनी सांगावं.

तोपर्यंत दोन बारीक गोष्टी. पहिली, क्षणात पार होणारे उतार आणि सापेक्षता एकत्र आणले की ‘त्याच क्षणी’ला अर्थ उरत नाही. वेगवेगळ्या गतीने जाणाऱ्या दोघांचा ‘आत्ता’ एक नसतो, आणि हटवादी वाचक त्यातून कारणाआधी परिणाम काढून दाखवेल. सगळे उतार मिळून एकच घड्याळ मानतात असं एका ओळीत लिहून टाका, वाद मिटला. त्यावर प्रकरण खर्ची घालू नका.

दुसरी, चुरा. खेकडा तेजोमेघाचा पदार्थ सेकंदाला साधारण १५०० किलोमीटर वेगाने पसरतो. हा प्रकाशाच्या वेगाचा दोनशेवा भाग. निरंजनीचा चुरा त्याच वेगाने निघाला असेल तर ४ प्रकाशवर्षांवरच्या केतळला पोचायला ८०० वर्षं लागतील. आत्ता २३१ चालू आहे. म्हणजे खलाशी ज्याला चुरा म्हणतात तो अजून कुठल्याच भूमीवर पडलेला नाही. बाजारात मिळणारा प्रत्येक तुकडा बनावट आहे.

दीडशहाणा

हाहाहा! शोधा आता तुकडे.

उत्तररात्र

बनावट! हे मला सगळ्यात जास्त आवडलं, आणि त्याने जीवही जळला. दोन प्रकरणं लिहून झाली होती तुकड्यावर.

पण एक तुकडा मी ठेवणार. तो खरा असायला एकच वाट उरते: निरंजनीच्या अगदी जवळ एक उतार होता आणि फुटण्याआधी किंवा फुटताना कुणीतरी त्यातून बाहेर पडलं. म्हणजे ज्याच्याकडे खरा तुकडा आहे तो एक तर फोडणारा, नाही तर फोडणाऱ्याचा वारस. नायिकेला लहानपणापासून गळ्यात असलेला खडा खरा आहे असं कळतं तेव्हा तिला आनंद होण्याऐवजी धडकी भरते. गोळा करायचं काहीच नाही. लपवायचं आहे.

आर्द्राताई, तुकडा घन कसा राहिला याला माझा नियमभंग क्रमांक दोन: उतारातून जाताना जी वस्तू ज्या अवस्थेत असते ती त्याच अवस्थेत थिजून जाऊ शकते, फार क्वचित. पाण्यात पाय टाकणाऱ्या माणसांचंही क्वचित असं होतं आणि सगळ्यांना त्याची भीती असते. म्हणजे हे पहिल्या प्रकरणातच येईल, नंतर चिकटवलेलं वाटणार नाही. चालेल?

आर्द्रा

चालेल. धावेल. ऊर्जा कुठून आणली याचं उत्तरही त्यातच दडलंय, बघा. निरंजनीला लागून एक उतार होता म्हणताय. तो दुसऱ्या टोकाला कुठे उघडत होता? मघाचं कृष्णविवर आठवा, बेताचा राक्षस. कुणी तारा फोडलाच नाही. कुणीतरी उतार उघडा ठेवला, आणि पलीकडून ओढ लागली. पाच-सहा कोटी वर्षांची ऊर्जा जमवावी लागली नाही, राक्षसाच्या गुरुत्वाने काम केलं. राजन्यासारखा फुगलेला तारा तर बाहेरून आणखी सैल असतो, लवकर सोलला जाईल. ओझोन वगैरेचा धोका राहतो थोडा, पण बराचसा माल आणि उजेड त्या उताराच्या पलीकडे गेला असं म्हणता येईल. केतळ वाचलं ते त्यामुळे.

आणि क्रम बघा. असं झालं तर तारा भडकणार नाही. काही आठवड्यांत एका बाजूने सोलवटत मंद होत जाईल. ‘स्फोट झाला’ ही अधिकृत कथा माळवदच्या आकाशात एका महिन्यात उघडी पडते. बघायला दुर्बीण नको, रोज संध्याकाळी मोजणारी चिकाटीची माणसं हवीत.

पाणकळा

म्हणजे झाकणाऱ्यांना खून लपवायचा नाहीच. उतार धोकादायक आहेत हे लपवायचंय. उतार उघडे राहिले तर एखादा सूर्य जाऊ शकतो, हे कळलं तर कोण त्यातून ये-जा करेल? आणि जकात कोण भरेल?

अंगावर काटा आला मला.

जुनी_वही

शंकासुरांचा ‘उतार बंद करा’ आता वेगळाच ऐकू येतो. सत्य कळल्यावर ते बंद करायची मागणी माळवदचेच लोक करतील. आणि केतळ-सोनसळहून आलेले यात्रेकरू अलीकडे अडकतील. नायिकेने कोणाची बाजू घ्यायची हे मला तरी सांगता येत नाही. तुम्हालाही येऊ नये.

शंकासुर

मी नुसता प्रश्न विचारला होता हो. श्रेयनामावलीत नाव टाका म्हणजे झालं.

उत्तररात्र

टाकतो. दीडशहाण्यांचंही.

मग आत्ताचं पक्कं असं: गोष्ट माळवदला घडते. फूटशक २३१ ला सुरू होते, २३५ ला संपते. निरंजनी पुस्तकाच्या पहिल्या तीन भागांत अखंड आहे आणि तरीही पहिल्या ओळीपासून फुटलेली आहे. केतळचा दिव्यांचा संघ आणि उतारांची जकात घेणारी कचेरी अशा दोन सत्ता. कारकुनाकडे यादी. गळ्यात खडा. खोटा इशारा २३४ मध्ये.

ध्रुवताऱ्याचा एक धागा डोक्यात होता, निरंजनी माळवदचा ध्रुव असावी असा. पण मग ती वर्षभर दिसेल आणि मोजणाऱ्यांना एकही रात्र चुकणार नाही. सोयीचं होतं की फार सोयीचं?

गणिती_कावळा

फार सोयीचं. ध्रुव करू नका, उलट करा. वर्षातले दोन-तीन महिने ती माळवदच्या सूर्याच्या मागे जाऊ दे आणि नेमकी तारीख त्या महिन्यांच्या काठावर येऊ दे. सूर्यास्तानंतर जेमतेम घटकाभर क्षितिजावर, तीही धूसर हवेत. जकात कचेरीला एवढं धुकं पुरेल.

आणि ते ‘चार वर्षं राहिली’ कोणाची चार वर्षं? केतळची, सोनसळची, माळवदची वर्षं वेगळ्या लांबीची असणार, सूर्य वेगळे आहेत. प्रकाशवर्ष तुम्ही कोणत्या वर्षाने मोजलंय ते नकाशाच्या कोपऱ्यात लिहा. फूटशक केतळच्या वर्षाने चालत असेल आणि माळवदचं वर्ष लहान असेल, तर यात्रेकरू आणि यजमान यांच्या तारखा जुळणार नाहीत. कारकुनाच्या यादीतली तारीख कोणत्या वर्षाने आहे हे त्यालाही माहीत नसेल तर अजून बरं. माळवदचं वर्ष किती दिवसांचं ते ठरवा आणि सांगा, बाकीचं कोष्टक मी करून देतो.